रेमिंग्टनोसीटसची कवटी हाती आल्यावर: परवानगी, स्कॅन, सफाई, वर्णन

रेमिंग्टनोसीटिड गटातल्या एका देवमाशाच्या कवटीचं वर्णन पूर्ण करून ती अलीकडेच संग्रहाला परत केली. कवटी कच्छची, हरुडी फॉर्मेशन या खडकांच्या थरसमूहातली, सुमारे साडेचार कोटी वर्षांपूर्वीची. पायांवर चालू शकणारे आणि उथळ समुद्रात शिकार करणारे हे देवमासे आपल्या शेजारच्या राज्यात सापडतात, पण त्यांच्या कवटीवर काम नेमकं कुठून सुरू करायचं हे एका जागी लिहिलेलं मिळत नाही. शोधनिबंधांत निष्कर्ष असतात. परवानगीचं पत्र, जिप्समने फुटलेलं हाड आणि स्कॅन सेंटरचा काउंटर त्यात येत नाही. भूशास्त्र किंवा प्राणिशास्त्र घेऊन या वाटेला येऊ पाहणाऱ्यांसाठी सगळा क्रम लिहिते आहे.

पुढचं सगळं एका गोष्टीवर बेतलेलं आहे, ती आधीच सांगते. या कवटीचं लांबलचक, अरुंद मुस्कट पाहून सगळे तिथेच अडकतात. पण प्राण्याचं नातं कोणाशी, त्याला पाण्याखाली कसं ऐकू येत होतं, तो तोल कसा सांभाळत होता, हे सगळं कानात दडलेलं असतं. त्यामुळे कान स्कॅन होईपर्यंत त्या भागाला कोणीही सुई लावायची नाही, आणि कामाचं वेळापत्रक कानाभोवतीच आखायचं.

कानाला इतकं महत्त्व का, याचं सगळ्यात बोलकं उदाहरण आपल्याच देशातलं आहे. भूवैज्ञानिक ए. रंगाराव यांनी जम्मूतल्या कालाकोटजवळून गोळा केलेल्या खडकांत इंडोह्यूस हा लहानखुरा, खुरवाला प्राणी होता. १९७१ मध्ये त्याचं नाव ठेवलं गेलं. त्यांच्या पश्चात न फोडलेले खडक त्यांच्या पत्नीने जपून ठेवले आणि ते पुढे देवमाशांच्या उत्क्रांतीचे अभ्यासक हान्स थेविसन यांच्या प्रयोगशाळेत पोहोचले. कवटी साफ करताना कानाचं हाड मोडलं आणि आतली कड दिसली: जाड, घट्ट, देवमाशांसारखी. तिला इनव्हॉल्युक्रम म्हणतात. २००७ मध्ये थेविसन, सुनील बाजपेयी आणि सहकाऱ्यांनी हे प्रसिद्ध केलं, आणि देवमाशांच्या सगळ्यात जवळच्या नातलगांत इंडोह्यूसचा गट येऊन बसला. ते मोडणं फलदायी ठरलं, पण आज स्कॅनर असताना मोडून बघण्याची गरज नाही.

माझं काम सुरू झालं नोव्हेंबरात, परवानगीच्या पत्राने. "कवटीचा अभ्यास करायचा आहे" एवढ्यावर कोणताही संग्रहपाल हो म्हणत नाही. पत्रात नमुन्याचा क्रमांक, नेमकं काय करणार (फोटो, मोजमापं, सीटी, यांत्रिक सफाई, आम्ल), काय करणार नाही (तुकडा कापणं, दात किंवा हाड दळणं), खर्च कोण करणार, स्कॅनचा डेटा कोणाच्या मालकीचा राहणार आणि कुठे ठेवणार, हे सगळं लागतं. विभागप्रमुखांची सही आणि शिक्का हवाच. उत्तर यायला सव्वा महिना लागला, तेही "सफाईचा तपशील द्या" एवढंच. तो तपशील आधीच जोडला असता तर हा फेरा वाचतो, म्हणून तुम्ही पहिल्याच पत्राबरोबर एका पानाचा सफाई आराखडा द्या.

नमुन्याच्या क्रमांकाची आद्याक्षरं वाचायला शिका. एलयूव्हीपी म्हणजे लखनौ विद्यापीठाचा संग्रह, आरयूएसबी आणि आयआयटीआर-एसबी म्हणजे रुरकीचा, एच-जीएसपी म्हणजे हॉवर्ड विद्यापीठ आणि पाकिस्तानच्या भूवैज्ञानिक सर्वेक्षणाचा. नावंही बदलत गेली आहेत. अशोक साहनी आणि मिश्रा यांनी १९७५ मध्ये प्रोटोसीटस हरुडिएन्सिस म्हणून नोंदवलेला प्राणी १९८६ मध्ये कुमार आणि साहनी यांनी रेमिंग्टनोसीटस या नव्या प्रजातीत (जीनसमध्ये) हलवला. जुने संदर्भ जुन्या नावाने शोधले नाहीत तर निम्मं साहित्य हातून निसटतं.

नमुना मागताना त्याची क्षेत्रनोंदही मागा: गाव, नाला, थर. पश्चिम कच्छमधली हरुडी, राटो नाला, गोधातड, बाबिया टेकडी ही नावं वारंवार येतात. एकाच फॉर्मेशनमध्ये चॉकलेटी रंगाचा चुनखडक आहे आणि जिप्सम असलेली शेलही (पापुद्र्यांचा चिखलखडक) आहे, आणि कवटी यांतल्या कशातून निघाली यावर पुढची सफाईची पद्धत ठरते. थर डोळ्यांनी बघायला जायचं तर डिसेंबर-जानेवारी बरे. भाग सीमेजवळचा आहे. स्थानिक पोलीस ठाण्यात आधी कळवा आणि संस्थेचं पत्र व ओळखपत्र जवळ ठेवा.

जानेवारीत कवटी हातात आली. प्लास्टरचं जुनं जॅकेट, आत बारदानाच्या पट्ट्या, वर शाईने लिहिलेला क्रमांक. जॅकेट उघडण्याआधी त्याचे फोटो काढा, कारण कापलेल्या पट्टीबरोबर क्षेत्रक्रमांकही जातो. वाळूच्या छोट्या पिशव्यांची गादी करून कवटी त्यावर ठेवायची, टेबलावर थेट कधीच नाही. ती दोन तुकड्यांत होती आणि तुटली होती ती अपेक्षित जागीच: डोळ्यांच्या मागे, जिथे कवटी एकदम अरुंद होते आणि मागे मेंदूच्या कप्प्याकडे पुन्हा रुंदावते. रेमिंग्टनोसीटिडांत ही कंबर फार बारीक असते. जॅकेट करताना लांबीच्या दिशेने बांबूची किंवा लाकडाची पट्टी बसवली नाही, तर उलटवताना सगळा भार नेमका तिथे येतो.

सफाईआधीच वरून, खालून, दोन्ही बाजूंनी, पुढून आणि मागून फोटो, प्रत्येकात पट्टी, प्रकाश डावीकडून वरून. मग स्थितीअहवाल: कुठे भेग, कुठे जुना गोंद, कुठे प्लास्टरने भरलेली जागा. दोन्ही बाजूंच्या सह्या. हा कागद कंटाळवाणा वाटतो, पण परत करताना तोच तुमच्या बाजूने बोलतो.

या टप्प्यावर डोळ्यांची खोबण सगळ्यात कामाची. कच्छमध्ये याच थरांत प्रोटोसीटिड देवमासेही मिळतात, इंडोसीटस, बाबियासीटस वगैरे, आणि मोडकी कवटी कोणाची हे आधी ठरवावं लागतं. प्रोटोसीटिडांचे डोळे मोठे, बाजूला बघणारे, वर फ्रंटल म्हणजे कपाळाच्या हाडाचं रुंद छप्पर. रेमिंग्टनोसीटिडांचे डोळे लहान. त्यातही कच्छिसीटस आणि अँड्र्यूसिफियस यांचे डोळे अगदीच छोटे आणि मध्यरेषेजवळ. पाकिस्तानच्या काला चिट्टा टेकड्यांतला पाकिसीटस या सगळ्यांहून जुना. त्याचे डोळे कवटीच्या माथ्यावर, एकमेकांना खेटून, वर बघणारे. अँब्युलोसीटस या दुसऱ्या जुन्या देवमाशाचे डोळे उंचावर, पण बाजूला बघणारे. डोळे माथ्यावरून बाजूला सरकले अशी सरळ रेषा या प्राण्यांत काढता येत नाही. रेमिंग्टनोसीटिडांनी गढूळ, किनाऱ्यालगतच्या पाण्यात डोळ्यांवरचा भर कमी केला आणि कानावरचा वाढवला, असं मला त्यांच्या हाडांवरून वाटतं.

टाळू आडव्या छेदात खाली फुगीर आहे का तेही बोटाने तपासा; रेमिंग्टनोसीटसमध्ये ती तशी असते. दात बहुतेक वेळा गळून गेलेले, फक्त खाचा उरलेल्या. खाचांतला दगड काढायला बांबूची टोकदार काडी वापरा, कारण स्टीलची सुई खाचांमधली पातळ भिंत फोडते आणि मग दोन मुळांची दाढ एका मुळाची भासते.

फेब्रुवारीत पहिला स्कॅन, साध्या डायग्नोस्टिक सेंटरमध्ये. रुग्णांची वेळ संपल्यावर, रात्री नऊनंतर घेतात. संस्थेच्या लेटरहेडवर "हा खडकात रूपांतरित झालेला जीवाश्म आहे, मानवी अवशेष नाही" असं लिहून न्या, नाहीतर काउंटरवरच अडतं. संगणकात रुग्णाचं नाव लागतं; तिथे नमुन्याचा क्रमांक टाकायला सांगा, म्हणजे फाइल पुढे सापडते. माझ्याकडून डोक्याच्या साध्या सीटीचा दर घेतला, अडीच हजार रुपये.

तंत्रज्ञांना तीन गोष्टी स्पष्ट सांगायच्या. एक, आतल्या कानासाठी असतो तो हाय-रिझोल्यूशन प्रोटोकॉल, हाडासाठीचा तीव्र कर्नल (चित्र घडवताना लावायचा फिल्टर) आणि शक्य तितका बारीक काप, ०.६ मिलिमीटर किंवा त्याहून कमी. दोन, यंत्रात सोय असेल तर वाढीव सीटी स्केल चालू करा. नेहमीची मोजपट्टी ३०७१ हाउन्सफील्डवर (सीटीतल्या घनतेचं एकक) संपते. जीवाश्म हाड त्याच्या पुढे जातं, आणि मग कानाचं हाड आणि शेजारची कवटी दोन्ही सपाट पांढरी दिसतात. ही एक खूण राहिली की अख्खा स्कॅन वाया. तीन, फिल्म नको, सगळ्या डायकॉम फाइल्स, म्हणजे स्कॅनचे मूळ काप, हव्यात. कवटी थर्माकोलमध्ये घट्ट बसवा. तो क्ष-किरणांना जवळजवळ अडवत नाही.

या स्कॅनमधून आतल्या कानाच्या नलिका दिसणार नाहीत, तशी अपेक्षाच ठेवू नका. पण हाड कुठे संपतं आणि दगड कुठे सुरू होतो, भेगा किती आत गेल्या आहेत, आणि मुख्य म्हणजे कानाची हाडं जागेवर आहेत का, हे कळतं. पडद्यावर डाव्या बाजूचा टिंपॅनिक बुला, म्हणजे कानाचं फुगीर, पोकळ हाड, जाग्यावर दिसला तेव्हा जीव भांड्यात पडला. उजवीकडचा नव्हता. आजच्या देवमाशांत कानाची हाडं कवटीपासून सुटी, अस्थिबंधांनी लटकलेली असतात. रेमिंग्टनोसीटिडांत ती सुटण्याच्या वाटेवर आहेत, त्यामुळे गाळात पडल्यावर सहज निखळतात. निखळलेला बुला गुळगुळीत गोट्यासारखा दिसतो आणि खणताना फेकला जातो. म्हणून कवटीभोवतालचा गाळ चाळल्याशिवाय टाकू नये.

मार्चपासून यांत्रिक सफाई. सूक्ष्मदर्शकाखाली, एअर स्क्राइब (हवेच्या दाबावर चालणारी कोरणी) आणि कार्बाइडच्या सुया. कानाभोवती चार बोटं जागा सोडून खडूने वर्तुळ काढलं आणि तिथे थांबले. कच्छच्या नमुन्यांत खरा शत्रू जिप्सम. त्याचे स्फटिक भेगांत वाढतात आणि हाड आतून पाचर मारल्यासारखं उकलतं. जिप्सम एकदम उपसला की त्याने धरून ठेवलेल्या हाडाच्या पापुद्र्या त्याच्यासकट येतात. आधी अॅसिटोनमध्ये विरघळवलेल्या पॅरालॉइड बी-७२ या अॅक्रिलिक राळेचं ५ टक्के द्रावण ड्रॉपरने थेंब थेंब पाजायचं, ते सुकलं की जिप्समचा एक थर, पुन्हा द्रावण. सांधे जोडायला तेच पॅरालॉइड घट्ट, ४० ते ५० टक्के. ते अॅसिटोनने कधीही सोडवता येतं. बाजारातले झटपट चिकटणारे गोंद वापरू नका. चुकीचा बसलेला सांधा मग सुटत नाही आणि स्कॅनमध्येही घोटाळा करतो.

चुनखडक असेल तर अॅसिटिक आम्ल चालतं, ५ ते १० टक्के, त्यात कॅल्शियम फॉस्फेट घालून, म्हणजे आम्ल हाडातलं फॉस्फेट खात नाही. उघड्या हाडावर आधी पॅरालॉइडचा लेप. जितका वेळ आम्लात, त्याच्या निदान तिप्पट वेळ पाण्यात. जिप्समवर हे आम्ल काही करत नाही. आणि कानाच्या भागाला आम्ल अजिबात नको.

जूनमध्ये सफाई थांबवली. दमट हवेत अॅसिटोन उडताना पृष्ठभाग थंड होतो, त्यावर बाष्प धरतं आणि पॅरालॉइड दुधाळ पांढरं पडतं; हाडातले शिवण दिसेनासे होतात. कोकणात, मुंबईत काम करणाऱ्यांनी पावसाळा स्कॅन आणि वाचनासाठीच राखावा. गडद शेलमधल्या नमुन्यांत पायराइट असतं, ते दमटपणात कुजतं: गंधकाचा वास, पिवळट-पांढरी भुकटी. हवाबंद डबा, सिलिका जेल आणि दर आठवड्याला नजर.

कानासाठीच्या मायक्रो-सीटीचं, म्हणजे फार बारीक तपशील दाखवणाऱ्या स्कॅनचं, नोंदणीपत्र मार्चमध्येच दिलं होतं, पाळी आली ऑक्टोबरात. शैक्षणिक दरानेही तासावर पैसे लागतात. माझा खर्च अठरा हजारांपर्यंत गेला. त्यामुळे जाण्याआधी तंत्रज्ञांशी फोनवर सगळं ठरवा. अख्खी कवटी घालण्यात अर्थ नाही: वस्तू जितकी मोठी तितका व्हॉक्सेल (त्रिमितीय चित्राचा सगळ्यात छोटा ठोकळा) मोठा. सुदैवाने जुन्या भेगेमुळे कानाचा भाग मागच्या तुकड्यात वेगळा होता. ज्या दिशेने किरणांना सगळ्यात कमी हाड ओलांडावं लागेल त्या दिशेने तो उभा करायचा, व्होल्टेज दोनशे किलोव्होल्टच्या आसपास, पुढे तांब्याची चकती, म्हणजे मऊ किरण गाळले जातात आणि काळ्या-पांढऱ्या रेघा कमी होतात. व्हॉक्सेल ४० ते ५० मायक्रॉन मिळाला तर नलिकांसाठी पुरेसा.

नलिकांत काय भरलं आहे यावर पुढचे महिने अवलंबून असतात. हाडाचं खनिज अॅपॅटाइट, घनता ३.२ च्या आसपास. जिप्समची २.३, म्हणून जिप्समने भरलेली नलिका स्वच्छ काळसर दिसते आणि सॉफ्टवेअर ती जवळजवळ आपोआप उचलतं. कॅल्साइटची २.७, तिथे कडा पुसट. पायराइट ५.०, तो दिव्यासारखा पेटतो आणि भोवतालचं सगळं झाकोळतो. सफाईत छळणारा जिप्सम इथे मदतीला आला.

सेगमेंटेशन, म्हणजे स्कॅनमधून हवा तो भाग वेगळा काढणं, थ्रीडी स्लायसर या मोफत सॉफ्टवेअरमध्ये केलं. संगणकाला ३२ जीबी रॅम असावी. पद्धत अशी: आधी कॉक्लिया (ऐकण्याचा शंखाकार भाग), मग व्हेस्टिब्यूल (मधला कप्पा), शेवटी तोल सांभाळणाऱ्या तीन अर्धवर्तुळाकार नलिका. दर काही कापांवर हाताने सीमा काढायची, मधलं सॉफ्टवेअरने भरायचं, आणि दुसऱ्या दिवशी ताज्या डोळ्यांनी तपासायचं. नलिकेची त्रिज्या काढताना तिच्या कमानीची उंची आणि रुंदी मोजून सरासरी घ्यायची आणि तिचं निम्मं करायचं. स्पूर, बाजपेयी आणि सहकाऱ्यांनी २००२ मध्ये दाखवलं की रेमिंग्टनोसीटिडांच्या नलिका शरीराच्या मानाने फार लहान आहेत, आजच्या देवमाशांच्या दिशेने गेलेल्या, तर पाकिसीटिड गटातल्या इक्थिओलेस्टिसच्या जमिनीवरच्या प्राण्यांसारख्या. म्हणजे तोल सांभाळणारं इंद्रिय पाण्यासाठी फार लवकर बदललं. पडद्यावर त्या तीन बारीक कमानी पहिल्यांदा पूर्ण जुळल्या तेव्हा झालेला आनंद सांगता येणार नाही.

बुलात दोन जाडी मोजा: आतल्या कडेची, म्हणजे इनव्हॉल्युक्रमची, आणि बाहेरच्या भिंतीची. एकीला दुसरीने भागल्यावर येणारा आकडाच तुलनेला उपयोगी. कुठल्या कापावर मोजलं हे लिहिलं नाही तर तो आकडा दुसऱ्याच्या काहीच कामाचा नाही. बुलाच्या आतला गाळ स्कॅननंतर काढलात तर सगळा बारीक चाळणीतून धुवा. कानातली सुटी हाडं तिथे असू शकतात. पाकिसीटसचं इन्कस (मधल्या कानातलं छोटं हाड) असंच हाती आलं म्हणून १९९३ मध्ये थेविसन आणि हुसेन यांना त्याच्या ऐकण्याबद्दल बोलता आलं.

खालचा जबडा बरोबर असेल तर तोही कानाचाच भाग समजा. जबड्याच्या आतल्या बाजूला, मागे, नस आणि रक्तवाहिनीसाठी भोक असतं. पाकिसीटसमध्ये ते जमिनीवरच्या प्राण्यांइतकं लहान, अँब्युलोसीटसमध्ये मोठं, रेमिंग्टनोसीटिडांत जबड्याची जवळजवळ सगळी उंची व्यापणारं. त्यात चरबीची गादी असायची, आणि पाण्यातला आवाज जबड्याच्या पातळ बाहेरच्या भिंतीतून त्या गादीमार्गे कानाकडे जायचा. नुमेला आणि सहकाऱ्यांनी २००४ मध्ये हे टप्पे मांडले. प्रत्यक्षात ही भिंत इतकी पातळ असते की बहुतेक नमुन्यांत फुटलेली येते. त्यामुळे भोकाची उंची मोजण्याआधी कडा नैसर्गिक आहे की तुटकी हे भिंगातून बघा: नैसर्गिक कडा गोलाई घेते, तुटकी खरखरीत आणि आतलं जाळीदार हाड दाखवणारी.

मेंदूच्या कप्प्याचं काम तुलनेने लवकर उरकलं. पुढे वासाच्या नसेची लांब नळी जाते, रेमिंग्टनोसीटिडांत ती ठळक असते. आकारमान काढा, पण ते मेंदूचं म्हणून छापू नका; जुन्या देवमाशांत मेंदूभोवती रक्तवाहिन्यांचं जाळं बरीच जागा घेत असे.

वर्णन लिहिताना सगळ्यात अडतं ते विकृतीपाशी. कच्छच्या कवट्या वरून दाबल्या गेलेल्या असतात आणि पिळवटलेल्याही. दुसरीकडे २०११ मध्ये फाल्के, गिंगरिच आणि सहकाऱ्यांनी जुन्या देवमाशांच्या कवट्या मुळातच किंचित तिरक्या होत्या असं मांडलं, तेही प्रोटोसीटिड आणि बॅसिलोसॉरिड या दुसऱ्या गटांतल्या देवमाशांवरून. तुमच्या नमुन्यातला पीळ कोणता हे ठरवताना भेगा बघा. पिळाच्या रेषेवर भेगा असतील तर दगडाचा दाब. भेगाविना वळण असेल तर लिहायला जागा आहे, तरी एका कवटीवरून नाही. मी दोन्ही बाजूंची मोजमापं वेगळी छापली, सरासरी काढली नाही. माझ्या मते या गटासाठी हीच पद्धत ठेवावी, म्हणजे पुढच्याला स्वतः ठरवता येतं. तुलनेला २०११ चाच बाजपेयी, थेविसन आणि कॉनली यांचा रेमिंग्टनोसीटसच्या कवटीवरचा निबंध शेजारी उघडा ठेवा. मोजमापांची नावं त्यांच्यासारखीच घ्या.

परत करताना जानेवारीतला स्थितीअहवाल समोर ठेवून नवा अहवाल केला. त्याला वापरलेल्या प्रत्येक रसायनाची नोंद, तारीख आणि टक्केवारी जोडली. सुटलेला प्रत्येक कण लेबल लावलेल्या कुपीत, धुतलेला गाळसुद्धा. कवटीसाठी फोमचा नवा साचा, कंबरेखाली वेगळा आधार. दोन्ही स्कॅनच्या मूळ फाइल्स हार्ड डिस्कवर संग्रहाला आणि एक प्रत मॉर्फोसोर्स या स्कॅन साठवणाऱ्या संकेतस्थळावर, संग्रहपालांच्या लेखी संमतीने. ती संमती वर्णन छापायला देण्याआधीच घ्या. नियतकालिकं डेटाचा दुवा मागतात, आणि तो नसेल तर हस्तलिखित तिथेच थांबून राहतं.